सहावी गाडी

आण्णांच्या हातात मोबाईल मी दिला. त्याआधी त्यांनी आयुष्यात कसलाच गेम खेळलेला नव्हता, पत्तेसुद्धा नाहीत. आण्णा म्हणजे माझे वडील. साखर कारखान्यात बॉयलरवर सगळी नोकरी काढलेला माणूस. चुलीतला निखारा ते चिमट्याशिवाय उचलून बाजूला ठेवायचे आणि आई दर वेळी म्हणायची, "आवं, हात हाय का उलथनं?" त्या बोटांना बटण दाबलं गेलं की नाही हेच कळायचं नाही. मग ते जोरात दाबायचे, मोबाईल हातातून निसटायचा, मांडीवर पडायचा, आणि तोवर त्यांची गाडी रस्ता सोडून कडेच्या झाडावर गेलेली असायची. "घातली माती," असं म्हणून ते पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचे. मी शेजारी बसून ते बघायचो. त्या बघण्याबद्दल मी आजवर कुणाजवळ बोललो नाही. बायकोजवळही नाही.

आमचं घर शिराळ्याकडच्या एका गावात, अगदी शेवटचं. पुढं पडवी, पडवीला लागून गोठा, आणि मधे नुसती कमरेएवढी भिंत. त्यामुळे स्वयंपाकघरात जेवताना पाखऱ्याचा श्वास ऐकू यायचा. पाखऱ्या आमचा खिलारी खोंड. पांढराशुभ्र, उंच, आणि डाव्या शिंगाचं टोक जरासं आत वळलेलं. खांबाला शिंग घासायची त्याची एक खोड होती. करर्र, करर्र असा आवाज चालायचा, आणि आण्णा जेवता जेवता मान वर करून "आलो, आलो" म्हणायचे, जसं काही त्यानं हाक मारली होती. आमच्या ताटात हुलग्याचं माडगं, भाकरी आणि खरडा. पाखऱ्याला खारीक, उडदाचं पीठ, दूध आणि वर कच्ची अंडी. आई अंडी फोडता फोडता पुटपुटायची, "पोरगा सातारला मामाच्या घरी वरणभात खातोय आन हिकडं ह्यो महाराज." आण्णा ऐकून न ऐकल्यासारखं करायचे. शर्यतीचा बैल तसाच राखावा लागतो, एवढंच त्यांचं म्हणणं.

फक्त शर्यत नव्हती. बैलगाड्यांच्या शर्यतींवर तेव्हा बंदी आलेली होती. पाखऱ्या एका मैदानात पळाला होता, तेही आण्णा अजून कारखान्यात, दुसऱ्या पाळीला असताना. त्यांनी तो पळताना बघितलाच नव्हता. पुढच्या मैदानाची तयारी चालू असताना बंदी झाली आणि शर्यतीची हलकी गाडी, छकडा, गोठ्याच्या माळ्यावर चढला. बंदी उठेल, उठेल म्हणत लोक थांबले. पाखऱ्या खाऊन खाऊन दावं ताणायचा, आणि आण्णा त्याला सकाळी ओढ्यापर्यंत चालवून आणायचे. चालवून. पळणारं जनावर चालवून आणणं म्हणजे काय ते मला त्या वयात कळत नव्हतं. आता माझ्या गुडघ्यांनी दगा दिल्यावर थोडं कळतं.

मी साताऱ्यात मामाकडं राहून आयटीआय करत होतो. शनिवारी एसटीनं कराड, तिथनं पेठ नाका, आणि पुढं मिळेल त्या गाडीनं घरी. आठवडाभर संध्याकाळी स्टँडजवळच्या राजूच्या दुकानात पडून असायचो. राजू मोबाईल दुरुस्त करायचा आणि लोकांना गाणी, गेम भरून द्यायचा. त्याच्याकडच्या कॉम्प्युटरवर मला एक शोध लागला. बटणांच्या मोबाईलमधला गेम म्हणजे एक गाठोडं असतं. त्या फाइलच्या नावाचं शेपूट बदललं की गाठोडं सुटतं. आत चित्रं असतात, आवाज असतात, आणि आणखी काही फाइली असतात ज्या उघडल्या की नुसता चौकोन-चांदण्यांचा कचरा दिसतो. गेम कसा चालायचा ते त्या कचऱ्यात लिहिलेलं. त्यातलं मला ओ की ठो कळत नव्हतं. पण चित्रं बदलता यायची. जुनं चित्र काढून त्याच नावाचं, त्याच मापाचं नवं ठेवलं, गाठोडं पुन्हा बांधलं, की मोबाईलला पत्ता लागत नसे.

एक गाड्यांच्या शर्यतीचा गेम होता. वरून दिसणारा रस्ता, आणि नखाएवढ्या मोटारी. मी मोटारी काढून तिथं छकडे आणि बैल बसवले. निव्वळ गंमत म्हणून. शनिवारी गावात दूध डेअरीवर विकासला दाखवला. विकास माझा वर्गमित्र, डेअरीच्या चेअरमनांचा मुलगा. त्यानं तो ब्लूटूथनं घेतला, त्याच्याकडनं आणखी चौघांनी, आणि पुढच्या शनिवारी मी एसटीतनं उतरलो तर नाक्यावर बसलेली मोठी माणसं मला हाक मारू लागली. "ये इंजिनियर! हिकडं ये. आमचा सर्जा कवा घालतोयस?"

मग सुरू झाला नुसता वैताग. गेममध्ये गाड्या निवडता यायच्या पाच, आणि गावात शर्यतीचे बैल त्याहून कितीतरी जास्त. ज्यांचे घेतले ते खांद्यावरून वाकून बघायचे. "शिंगं आखूड झाली रं." "वशिंड दिसंना." अहो, त्या चित्राला जागा केवढी, तर साबुदाण्याएवढी! त्यात खिलार सगळे पांढरे. पांढऱ्या पाच ठिपक्यांतला कुणाचा कुठला हे ओळखायचं कसं? मी कुणाच्या शिंगांना हिंगूळ लावला, कुणाच्या पाठीवर हिरवी झूल टाकली, कुणाच्या कपाळावर गोंडा. चेअरमनांच्या बैलाला गुलाल, कारण ते म्हणाले, "आपल्याला गुलाल पायजेच." पळायच्या आधीच जिंकल्याचा गुलाल. पण बोलणार कोण?

या सगळ्यात आण्णा काही बोलले नव्हते. डेअरीवर दुधाची किटली ठेवायची आणि मागं हात बांधून थोडा वेळ दुसऱ्यांच्या मोबाईलमध्ये डोकावायचं, एवढंच. एका रविवारी मी पडवीत चहा पीत होतो. ते पाखऱ्याला खरारा करत होते. माझ्याकडं न बघताच म्हणाले, "आपला हाय का रं त्यात?"

"हाय की," मी म्हणालो.

आणि ते खरं होतं. गाठोड्यात मोटारींची चित्रं सहा होती. सहावी मोटार काळी, लांब, बाकीच्या पाचांपेक्षा सुबक काढलेली. गेममध्ये ती मी कधी बघितली नव्हती, पण मला खात्री होती की सगळे टप्पे पार केल्यावर ती बक्षीस म्हणून मिळत असणार. गेममध्ये असतं तसं. म्हणून तिच्या जागी मी पाखऱ्या काढला होता. राजूच्या दुकानात बाकीची चित्रं मी घाईघाईत उरकली. पाखऱ्याला अख्खी दुपार दिली. डाव्या शिंगाचा बाक दाखवायला एकच ठिपका हाताशी होता, आणि तो कुठं ठेवावा यासाठी मी किती वेळा पुसला आणि किती वेळा लावला ते आठवत नाही.

"पर त्यो शेवटाला हाय आण्णा. सगळी पार केली की मिळतो."

आण्णांचा खरारा थांबला. "फायनलला व्हय?" आणि मी त्यांना इतकं खूष झालेलं क्वचित बघितलंय. "बरोबर हाय. गटात काय, सगळीच पळत्यात. फायनलला उरतो त्यो बैल." मला जे गेममध्ये असतं तसं वाटलं, ते त्यांना मैदानात असतं तसं वाटलं. दोघंही एकाच चुकीवर खूष. त्याच दिवशी मी माझा जुना मोबाईल त्यांना दिला.

पुढच्या आठवड्यात साताऱ्याला राजूच्या दुकानात मी तो गेम शेवटापर्यंत नेला. शेवटचा टप्पा पार झाला. चषकाचं चित्र आलं, अभिनंदन आलं, आणि पडदा पुन्हा पहिल्या पानावर. गाड्या निवडायला गेलो. पाचच. मी पुन्हा खेळलो. पुन्हा पाचच. राजू सोल्डरिंगच्या धुरातनं हसत म्हणाला, "आरं गड्या, ती टाकलेली गाडी आसंल. करणाऱ्यांनी काढली आन वापरलीच न्हाई. फाइलीत तशीच ऱ्हायली. आसतंय आसलं."

"पर मग ठिवली कशाला?"

"काढायचा कंटाळा. तू तुझ्या खोलीतलं सगळं काढतोस व्हय?"

आज हे असलं शोधून काढणारी माणसं जगभर आहेत. जुन्या मोबाईलचे गेम उलगडून त्यातले न वापरलेले रस्ते, न दिसलेल्या गाड्या, कधीच न वाजलेले आवाज बाहेर काढतात, त्याचे व्हिडिओ करतात, आणि खाली लोक टाळ्या वाजवतात. रात्रपाळी नसली की मी ते बघत बसतो. औद्योगिक वसाहतीत मशिनींच्या दुरुस्तीचं काम करणाऱ्या माणसाला उलगडलेलं यंत्र बघायला आवडतंच. पण माझी चिडचिड होते. सापडलं, सापडलं म्हणून नाचतात. ज्यानं ते काढलं तो कुठं बसून काढत होता आणि त्याला कुणी सांगितलं की तुझं चित्र नको, हे कुणी विचारत नाही. आणि हेही कुणाला माहीत नाही की अशा एका टाकलेल्या गाडीत एका माणसाचा बैल बसवलेला होता आणि तो माणूस त्याची वाट बघत होता.

मी त्या कचरा-फाइलींना हात घालून बघितला. जिथं पाचचा आकडा दिसेल तिथं सहा करून बघितला. गेम उघडायचाच नाही. मोबाईल म्हणायचा, फाइल चुकीची आहे. एक अक्षर बदललं तरी चुकीची. परत जुनी टाकायची, परत दुसरीकडं बदलायचं, परत चुकीची. पाखऱ्या आत होता. मी उघडून बघू शकत होतो. आणि त्याला दोन बोटं पुढं आणून उभा करता येत नव्हता. त्या आठवड्यात मी मामीवर ओरडलो, राजूशी भांडलो, आयटीआयच्या प्रॅक्टिकलला गेलो नाही.

आता खरं सांगतो. एक उपाय होता, आणि तो चहा निवायच्या आत झाला असता. पाचातलं कुणाचं तरी चित्र काढून तिथं पाखऱ्या बसवायचा. मी विकासला विचारलं, "तुमचा काढू का एक दिवस?"

"काढ की," विकास म्हणाला. "आन मग आमच्या आबांस्नी तूच सांग. दूध तुमचं डेअरीला येतंय न्हवं?"

तो हसत म्हणाला, चेष्टेत. पण मी तेवढ्यावर मागं फिरलो. दुसऱ्या कुणाचा काढावा तर तो रुसणार, "इंजिनियरनं बापाचा घातला, आमचा काढला" असं गावभर होणार. हे सगळं मी स्वतःला सांगितलं. यातलं एकही खरं कारण नव्हतं. फक्त आण्णांच्या मोबाईलपुरता बदल केला असता तर कुणाला कळलंही नसतं. खरं कारण एवढंच, की मग मला म्हणावं लागलं असतं, आण्णा, मी चुकलो, मला यातलं काही येत नाही. गावानं मला इंजिनियर म्हटलेलं होतं. शनिवारी घरी गेलो. आण्णांनी विचारलं, "फायनल किती लांब हाय रं?" आणि मी म्हणालो, "हाय आजून. खेळा तुमी."

आणि ते खेळले. सकाळी ओढ्यावरून आले की पडवीत, दुपारी वैरण टाकून झाली की गोठ्यात उकिडवं बसून. बटणांची टकटक आणि गेमची ती भिकार धून घरात माशीसारखी घोंगावत राहायची. आई म्हणायची, "ती पिपाणी बंद करा, न्हाईतर इळीवर चिरून टाकीन." आण्णा आवाज कमी करायचं बटण शोधायला जायचे आणि गेमच बंद व्हायचा. पहिला टप्पा पार व्हायला त्यांना किती आठवडे लागले देव जाणे. वळणावर ते मोबाईलच वळवायचे, स्वतः कलायचे, तोंडानं "हौ, हौ" करायचे. चेअरमनांच्या बैलाला मागं टाकलं त्या दिवशी त्यांनी आईला बाहेर बोलावून दाखवलं. मला फोन केला. "आज त्यो गुलालवाला मागं पाडला बग!" मी मामाच्या गच्चीवर उभा होतो. "भारी, आण्णा," म्हणालो. प्रत्येक शनिवारी एसटीत बसताना ठरवायचो, आज सांगायचं. पेठ नाक्यापर्यंत ते टिकायचं. घराच्या उंबऱ्यावर नाही.

तोवर वैरणीची ओढाताण सुरू झाली होती. शर्यत नसलेला बैल खातो मात्र शर्यतीच्या बैलासारखा. आईनं एक गिऱ्हाईक आणलं, पलूसकडचा एक चांगला बागायतदार, बैल हौसेनं पाळणारा. आण्णा दोनदा तो दारात आला असताना शेतात निघून गेले. शेवटी आईनं जेवायला वाढता वाढता विषय काढलाच. आण्णांनी भाकरीचा तुकडा तसाच हातात धरला. म्हणाले, "एकदा पळताना बघतो त्याला. मग द्या कुणाला द्यायचाय त्याला."

आईला वाटलं, बंदी उठायची वाट बघतायत. "आवं, ती कवा उठायची!"

"मैदानात न्हवं," आण्णा म्हणाले. "ह्याच्यात." आणि खिशावर हात ठेवला.

आईनं माझ्याकडं बघितलं. मी ताटाकडं. नंतर भांडी घासताना तिनं मला हळूच विचारलं, "किती ऱ्हायलंय रं त्येंचं?" मी तिलाही सांगितलं नाही. थोडंच राहिलंय, म्हणालो. म्हणजे आता घरातली दोन माणसं त्या टाकलेल्या चित्रावर डोळे लावून बसली होती, आणि गोठ्यातलं जनावरही एका अर्थानं त्यालाच बांधलेलं होतं.

ज्या शनिवारी ते झालं, त्या दिवशी मी घरी पोचलो तर पडवीत कुणी नव्हतं. मोबाईल कोनाड्यात चार्जिंगला लावलेला. उघडून बघितलं. शेवटचा टप्पा पार. चषकाचं पान येऊन गेलेलं. गाड्या निवडायच्या पानावर पाच बैल रांगेत उभे, आणि निवडीची चौकट पहिल्यावर. किती वेळा ते त्या पानावर पुढं-मागं करत बसले असतील, ते मला अजूनही नको वाटतं.

संध्याकाळी डेअरीवर गेलो. आण्णा तिथं होते, किटली रांगेत ठेवून कट्ट्यावर बसलेले. चेअरमन आबा होते, विकास होता, आणखी पाच-सहा माणसं. कुणीतरी रोजच्यासारखं टोचलं, "काय बापू, आला का तुमचा फायनलचा बैल?" आण्णांना गावात बापू म्हणायचे.

"आला की," आण्णा म्हणाले.

मी किटल्यांच्या रांगेपाशीच थांबलो.

"आज दुपारी आला. काय पळतो म्हंता! निशाण पडलं आन ह्यो सुटला. पयल्या वळणाला जरा बाहीर गेला, मला वाटलं गेलं आता. पर खाली मान घातली आन आसा आला, आसा आला... चेअरमन, तुमचा धुळीत ऱ्हायला."

सगळे हसले. आण्णा सांगत होते ते गेमचं वर्णन नव्हतंच. गेममध्ये धूळ नव्हती, निशाण नव्हतं. त्यांनी न बघितलेलं ते मैदान होतं. विकासचा मोबाईल हातातच होता. "आवं बापू, मी तर कवाच पार केलाय," तो म्हणाला, "मला न्हाई दिसला कुठं."

"धीर धरून खेळावं लागतंय," आण्णा म्हणाले. "तुमी पोरं उरकायला बघताय."

विकास माझ्याकडं वळला. "खरं का रं, इंजिनियर?"

सगळ्यांच्या माना वळल्या. आण्णांची नाही. ते किटलीचं झाकण बसवत होते, बसलेलंच झाकण पुन्हा दाबत होते. मला ओरडावंसं वाटत होतं. त्यांनी घरी माझ्या थोबाडीत द्यायला हवी होती, मोबाईल आपटायला हवा होता. त्याऐवजी ते चार माणसांत माझं खोटं स्वतःच्या अंगावर घेऊन बसले होते, आणि मला त्यातनं सुटायलाही जागा ठेवली नव्हती.

"व्हय," मी म्हणालो. "दिसतो."

"बघ," आण्णा म्हणाले आणि उठले.

पुढच्याच आठवड्यात पलूसचा माणूस टेम्पो घेऊन आला. पळताना बघितला की द्या, असा आण्णांनी शब्द दिला होता, आणि बघितल्याचं त्यांनी गावासमोर सांगितलेलं होतं. आता मागं फिरायची सोय नव्हती. मी मुद्दाम सुट्टी काढून आलो होतो. पाखऱ्या टेम्पोत चढताना एकदा अडला, मग चढला. आईनं त्याच्या कपाळाला हळद-कुंकू लावलं आणि आत निघून गेली. टेम्पो वळणाआड जाईपर्यंत आम्ही दोघं उभे होतो. मग आण्णा गोठ्यात आले. उरलेली वैरण गोळा करू लागले. मी मदतीला वाकलो. आता सांगावं म्हणून मी तोंड उघडलं, पण त्यांनीच आधी विचारलं, माझ्याकडं न बघता, अगदी सहज.

"काढला तरी हुतास का त्याला?"

मला पहिल्यांदा कळलंच नाही. मग कळलं. त्यांना गेमचं, फाइलींचं, टाकलेल्या गाडीचं काही माहीत नव्हतं. त्यांनी आपलं एवढंच गणित मांडलं होतं, की पोरानं सगळ्या गावाचे बैल काढले आणि आपला काढायचा राहून गेला, आणि मग तोंड चुकवायला शेवटाला आहे म्हणाला.

"काढला हुता, आण्णा! आयशप्पथ. सगळ्यांत चांगला काढला हुता. आत हाय त्यो, फाइलीत. फक्त गेम त्याला भाईर आणत न्हाई. उद्या चला माझ्यासंगं सातारला, कॉम्प्युटरवर दावतो."

मी खूप बोललो. मोटारी सहा असल्याचं, पाचच दिसत असल्याचं, मी केलेल्या खटपटीचं. सगळं खरं, आणि सगळं एका दमात. ऐकणाऱ्याला ते कसं वाटलं असेल ते मला बोलता बोलताच कळत होतं.

आण्णांनी वैरणीची पेंढी बांधली, गाठ मारली, ती भिंतीला टेकवून ठेवली.

"आसंल," ते म्हणाले.